भाजलेलं घर: रे मीकर यांचा प्रयोग आणि तुमचे दोन गुंठे

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: तुम्ही आर्किटेक्ट, नोकरीला तीन वर्षं झालीत. रे मीकर नावाच्या सिरॅमिक कलाकाराने मातीचं अख्खं घर भट्टीसारखं आतून पेटवून पक्कं केलं, असं तुमच्या वाचनात आलं. हे खरं का, हा माणूस कोण, आणि संगमनेरजवळ आजोबांची दोन गुंठे जागा आहे तिथे असं घर बांधता येईल का? शिवाय जाता जाता विचारलंय की नोकरी सोडून पाँडिचेरीला मातीकाम शिकायला जाऊ का.

घराचं आधीच सांगून टाकते: बांधू नका. पण हे घर भाजण्याचं काम काय होतं ते मात्र नीट समजून घ्या, कारण ‘बांधू नका’ हे माझं उत्तर मीकरांनीच दहा वर्षांहून जास्त काळ घालवून, हात भाजून काढलेलं आहे.

मी मुळशीकडे स्टोनवेअर, म्हणजे जास्त आचेवर भाजलेली पक्की भांडी, करते, सव्वीस वर्षं होत आली. मीकरांची मी विद्यार्थिनी नव्हे. पण आपल्याकडे जो कुणी आपल्या अंगणात १२५०-१३०० अंशांची भट्टी लावतो, त्याच्यापर्यंत पाँडिचेरीचं काही ना काही पोचलेलं असतंच. माझी पहिली लाकडाची भट्टी ज्या कागदावरून रचली तो कागद झेरॉक्सची झेरॉक्स होता, तीन हातांतून आलेला, आणि मूळ तिकडचा.

मीकर अमेरिकन. जन्म १९४४चा. लॉस एंजेलिसला युनिव्हर्सिटी ऑफ सदर्न कॅलिफोर्नियात ते आधी आर्किटेक्चर शिकत होते, ते सोडून सिरॅमिक्सकडे वळले. (तुम्हाला हे वाचून बरं वाटलं असेल. थांबा, शेवटी येते त्यावर.) १९७१ मध्ये पाँडिचेरीला डेबोरा स्मिथ यांच्यासोबत त्यांनी गोल्डन ब्रिज पॉटरी सुरू केली. डेबोरा जपानमध्ये बिझेनला काम करून आल्या होत्या. बिझेन म्हणजे झिलई (भांड्यावरचा काचेसारखा लेप) न लावता, निव्वळ लाकडाच्या आगीवर आणि राखेवर भांडं रंगवणाऱ्या कुंभारांचं गाव. लोक मीकरांचं नाव घेतात आणि डेबोरांचं विसरतात, ते मला पटत नाही. ती पॉटरी पन्नास वर्षं उभी राहिली ती रोजच्या ताटवाट्या, किटल्या आणि मग यांच्या जोरावर, आणि ती बाजू मुख्यतः डेबोरांची. घर भाजण्यासारखे उद्योग करायला माणसाच्या मागे चालता कारखाना लागतो.

त्या वेळी तिथे होतं काय? तमिळ कुंभार होते, आणि ते आपल्यापेक्षा धाडसी. अय्यनार देवाला वाहायचे मातीचे घोडे माणसाहून उंच करायचे. पण ती सगळी लाल माती, आठशे-नऊशे अंशांत भाजलेली. माठात पाणी मुरतं आणि लोणच्याच्या बरणीत मुरत नाही, एवढा फरक तुम्ही घरात पाहिलेला आहे. बरणी म्हणजे स्टोनवेअर. ती बाराशेच्या वर भाजली की मातीतला काही भाग वितळून काचेसारखा होतो आणि छिद्रं बुजतात. अशा बरण्या कारखान्यांत बनत, पण एकट्यादुकट्या कलाकाराने स्वतःच्या भट्टीत स्टोनवेअर करणं ही तेव्हा देशात मोजक्या ठिकाणची गोष्ट होती आणि दक्षिणेत तर जवळपास नव्हतीच. माती कुठली, भट्टीच्या विटा कुठल्या, झिलईत राख कशाची घालायची, जळण कुठलं, सगळं शून्यापासून. जळण सापडलं ते किनाऱ्यावरचं सुरू. आपल्या कोकणात वाळू अडवायला लावतात तेच झाड. सुरूचं लाकूड लांब ज्योतीने जळतं, आणि भट्टीवाल्याला ज्योतीची लांबी हवी असते.

कामाला आजूबाजूच्या गावांतली माणसं घेतली, त्यांना चाक शिकवलं. त्यातले काही पुढे बाहेर पडले, त्यांनी आपापल्या भट्ट्या घातल्या, आणि ‘पाँडिचेरी पॉटरी’ हा बाजारातला एक मालच होऊन बसला. त्यात नक्कल भरपूर आहे. तरीही मला ती यशाचीच खूण वाटते. सातारच्या कंदी पेढ्याची नक्कल होते, बेचव पेढ्याची कुणी करत नाही.

आता घर.

कुठल्याही भट्टीवाल्याला रात्री झोप लागू न देणारी एक गोष्ट असते. तुम्ही दिवसभर लाकूड घालता, ती उष्णता काही सगळी भांड्यांत जात नाही. बरीचशी भट्टीच्या भिंती पितात. भिंत तापायला लागते, तापून बाहेर सोडते, आणि दुसऱ्या दिवशी सगळं थंड. पुन्हा पुढच्या भट्टीला तीच भिंत नव्याने तापवायची. साध्या भट्टीत हा भिंतीचा वाटा सुमारे चाळीस टक्के धरतात. मी माझ्या वहीत लाकडाचा हिशेब ठेवते आणि दर वेळी तो आकडा बघून जीव खालीवर होतो.

मीकरांनी हा हिशेब उलटा मांडला. भिंत उष्णता पिते ना, मग भिंतच भाजायची वस्तू करू. कच्च्या विटांचं घर बांधायचं, चिखलातच. आत कच्च्या विटा, कौलं, फरशा, काय हवं ते ठासून भरायचं. दारं-खिडक्या बुजवायच्या, जळणाची तोंडं ठेवायची, धुराला वाट ठेवायची, आणि पेटवायचं. आतला माल भाजून निघतो तो विकायचा, जळणाचा खर्च त्यातून निघतो. आणि जी उष्णता एरवी वाया जायची तिने घराच्या भिंती भाजून निघतात. माल बाहेर काढला की उरतं ते घर.

कल्पनेचं मूळ इराणचं. नादेर खलीली हे इराणी आर्किटेक्ट. मातीची घरं पावसात आणि भूकंपात ढासळतात म्हणून त्यांनी ती जागेवर भाजून बघितली, आणि त्याला ‘गेलतफ्तन’ असं फारसी नाव दिलं: गेल म्हणजे माती, तफ्तन म्हणजे भाजणं. मीकरांनी १९८५ च्या सुमारास ते पाँडिचेरीत हाती घेतलं. कुंभाराचं डोकं मात्र त्यांचं स्वतःचं. खलीली मुख्यतः घर भाजत होते, मीकर घराच्या पोटात माल भरून भट्टी लावत होते.

छताचं विचाराल तर सपाट छत इथे चालत नाही. लाकडी वासे आगीत टिकणार नाहीत आणि सळईचा प्रश्नच येत नाही. म्हणून कमानी छत किंवा घुमट. इजिप्तच्या न्युबियात आधार न लावता कमान बांधायची जुनी रीत आहे: मागची भिंत आधी उभी करायची, पहिली ओळ तिच्यावर किंचित रेलून लावायची, पुढची ओळ तिच्यावर रेलवायची. चिखलाची पकड आणि तो कल, एवढ्यावर वीट तग धरते. तुम्ही आर्किटेक्ट आहात, तुम्हाला साखळी उलटी करून मिळणारा तो वक्र माहीत असेल. कुंभाराला तो भट्टीच्या छतावरून माहीत असतो, कारण चुकला तर दोन-चार भट्ट्यांत छत खाली बसतं.

पाँडिचेरीजवळच्या ऑरोव्हिल वसाहतीत मी असं एक घर आतून पाहिलंय. बाहेरून गिलावा, काही कळत नाही. आत बोटाच्या पेराने टिचकी मारली की कळतं. वर कमानीजवळ खणखणीत वाजतं, खाली जमिनीलगत आवाज मेलेला. आग वर जाते, हे त्या भिंतीने मला टिचकीत सांगितलं. रंगही तसाच: वर गडद लाल, मध्ये नारिंगी, खाली फिकट.

अडचणी इथूनच सुरू होतात. भिंत आतून तापते, बाहेरून हवा लागते. नऊ इंचांच्या भिंतीत आतला थर नऊशेवर पोचला तरी बाहेरचा थर कितीतरी मागे असतो. सुमारे पाचशे-सहाशे अंशांना मातीच्या कणात बांधलेलं पाणी सुटतं, तेव्हाच माती कायमची बदलते, पुन्हा चिखल होत नाही. भिंतीचा जो भाग तिथवर पोचला नाही तो कच्चाच. पाऊस मात्र बाहेरून येतो. म्हणजे आत पक्कं आणि बाहेर कच्चं, आणि पाऊस नेमका कच्च्या बाजूला. मग भाजताना बाहेरून मातीभुशाचा जाड लेप देऊन उष्णता कोंडायची, नंतर चुन्याचा गिलावा करायचा. त्यात माती भाजताना आकसते, आणि घर एका बाजूने जास्त, दुसऱ्या बाजूने कमी आकसलं की कोपऱ्यात भेगा. भांड्याला भेग गेली तर भांडं फेकता येतं.

दुसरी अडचण मालाची. दहा बाय तेराची खोली धरा. ती कमानीपर्यंत विटांनी भरली तर माझ्या हिशेबाने नऊ-दहा हजार विटा बसतात. एक वीट तीन किलोची, म्हणजे पंचवीस-तीस टन माल. तो भाजायला आणि भिंती भाजायला मिळून पाच-सहा टन लाकूड सहज जाईल. बरं, त्या विटा घ्यायच्या कुणी? गावात वीटभट्टी असते आणि भट्टीवाला तुमच्यापेक्षा स्वस्त देतो, कारण त्याला घर वाचवायचं नसतं. एका गावात एक घर असं झालं तर विटा खपतील. वीस घरं झाली तर दोन लाख विटा कुणाच्या दारात टाकणार? गरिबाला भाजक्या विटेचं घर मातीच्या भावात मिळावं, हा सगळ्याचा हेतू होता. पण गरिबाकडे नसतो तो नेमका कुशल गवंडी, भट्टी कळणारा माणूस आणि माल विकेपर्यंत थांबायची ऐपत. नव्वदचं दशक संपेपर्यंत मीकरांनी हे काम थांबवलं होतं. दुसरा कुणी असता तर संस्था काढून, देणग्या मिळवून तेच घर आणखी तीस वर्षं दाखवत फिरला असता. ते थांबले, याचा मला त्या घरांहून जास्त आदर आहे.

एक शेपूट राहिलं, आणि ते आपल्या पुण्याशी जोडलेलं आहे. अनुपमा कुंडू पुण्यात जन्मल्या, मुंबईच्या जेजेत आर्किटेक्चर शिकल्या आणि ऑरोव्हिलला जाऊन राहिल्या. २००८ च्या सुमारास पाँडिचेरीत व्होलोंतारिया या संस्थेच्या बेघर मुलांसाठी त्यांनी मीकरांच्याच पद्धतीने घुमटाकार घरं भाजून घेतली. त्यात खिडक्यांना सायकलची जुनी रिम वापरलीय, पोटात विटांबरोबर फरशा आणि इतर मातीचा मालही भाजला गेला. तुम्ही आर्किटेक्ट म्हणून अभ्यास करणार असाल तर या घरांचा करा. एका माणसाचं वेड दुसऱ्याच्या हातात गेल्यावर त्याचं काय होतं ते तिथे दिसतं. संस्थेचं बांधकाम असल्यामुळे मालाचा आणि मजुरीचा प्रश्नही वेगळा होता. दोन गुंठेवाल्याला तो तसा सुटत नाही.

घरं थांबली तरी मोठं भाजायची खोड काही सुटली नाही. मीकरांची नंतरची शिल्पं पाहिलीत तर वाटतं, हा माणूस अजून इमारतीच बांधतोय. कमानी, खांब, पडक्या भिंतीसारखे तुकडे, माणसापेक्षा उंच. एवढं मोठं कच्चं मातीकाम उचलून भट्टीत नेता येत नाही. ओलं असताना ते स्वतःच्याच वजनाने बसतं आणि वाळल्यावर बिस्किटासारखं तुटतं. अशा वेळी काम जागेवर उभारायचं, महिनोन्‌महिने सावकाश वाळू द्यायचं आणि मग त्याच्याभोवती भट्टी रचायची. भाजून झालं की भट्टी उतरवायची. घर भाजण्याच्या नेमकं उलट: तिथे भट्टी ठेवायची होती आणि आतला माल बाहेर काढायचा होता. मला वाटतं दहा वर्षं घरं भाजली नसती तर ही शिल्पं या मापाची झाली नसती. घराने त्यांना माप दिलं. प्रदर्शनाच्या पुस्तिकेत पर्यावरण, शहरं, ऱ्हास असं बरंच लिहिलेलं असतं, ते खोटं नाही, पण माझ्यासारखी बाई आधी पायथ्याशी वाकून भेग शोधते.

तिसरी गोष्ट शिकवण्याची, आणि माझ्या मते हेच त्यांचं सगळ्यात टिकाऊ काम. गोल्डन ब्रिजमध्ये मोजकी मुलं घेत. आज हिंदुस्थानातल्या सिरॅमिक्सची नावं काढा, अर्धी तिथून गेलेली. मुंबईचे आदिल रायटर आर्किटेक्ट होते, तिथे शिकले आणि ऑरोव्हिललाच राहिले. अलिबागकडे काम करणाऱ्या अंजनी खन्ना, मुंबईशी नातं असलेल्या माधवी सुब्रह्मण्यन, दिल्लीचे विनीत कक्कड. २०१८ मध्ये जयपूरच्या जवाहर कला केंद्रात देशातला पहिला सिरॅमिक्स ट्रायएनाले (दर तीन वर्षांनी भरवायचं प्रदर्शन) भरला, तो उभा करणाऱ्यांत यातली काही मंडळी होती. आणि यातल्या कुणाचंही काम मीकरांसारखं दिसत नाही. आपल्याकडे गुरूचा शिक्का शिष्याच्या पाठीवर उमटलेला असतो, गाण्यात तो अभिमानाने मिरवतातही. इथे शिक्का नाही, सवयी आहेत: वही ठेवणं, झिलईची चाचणी केल्याशिवाय भांड्याला न लावणं, भट्टी स्वतः रचणं.

तर तुमच्या नोकरीचं. सोडू नका, निदान आत्ता नको. मीकर आणि आदिल दोघे आर्किटेक्चरमधून आले म्हणून तुम्हीही याल, असं नाही. माझ्याकडे दरवर्षी दोन-तीन आर्किटेक्ट येतात. चाकावर पहिल्या आठवड्यात त्यांचा हात चांगला बसतो, कारण नजर तयार असते. दुसऱ्या महिन्यात माती मळायला लागली, चाळायला लागली, भट्टीच्या फळ्या घासायला लागल्या, की फोन येतो, ‘ताई, साइटवर काम निघालंय’. म्हणून आधी जवळ कुठेतरी शनिवार-रविवार सहा महिने जा. नासिकला, पुण्याला आता स्टुडिओ आहेत. पन्नास भांडी करा, अठ्ठेचाळीस मोडा. त्यानंतरही जीव ओढत असेल तर पाँडिचेरी, ऑरोव्हिल, बडोदा, शांतिनिकेतन, कुठेही जा, पण जागा थोड्या असतात, आधी विचारून जा.

आणि जागेचं. संगमनेरकडची जमीन काळी असणार. काळी माती पाण्याने फुगते, उन्हाने आकसते, उन्हाळ्यात तिच्यात हात जाईल एवढ्या भेगा पडतात. तिची वीट वाळतानाच तडकते, भाजायची गोष्ट दूरच. जुन्या लोकांना हे पक्कं ठाऊक होतं. धाब्याच्या घरांना पांढरीची, म्हणजे गावठाणातली पांढरट, माती वापरत, काळीची नव्हे. शिवाय किल्लारीचा १९९३ चा भूकंप लक्षात ठेवा. तिथे दगडमातीच्या जड भिंती आणि जड माळवदं माणसांवर पडली. सळई नसलेली जड कमान डोक्यावर घेऊन झोपायचं असेल तर आधी कुणा स्ट्रक्चरल इंजिनिअरकडून सही आणा. मला माहिती आहे तो सही देणार नाही.

काळ्या मातीत आणखी एक लबाड गोष्ट असते, चुनखडी. मी यात पोळलेली आहे. दहा-बारा वर्षांपूर्वी हौसेने नगर भागातली माती आणून एका बंगल्यासाठी बागेतल्या दोनशे फरशा केल्या. नीट भाजल्या, नीट वाजल्या, लावून झाल्या, पैसे मिळाले. जूनमध्ये पहिला पाऊस झाला आणि चार दिवसांनी मालकांचा फोन. फरश्यांवर फोड आलेत. गेले तर खरंच, जागोजागी रुपयाएवढा खपला उडालेला आणि प्रत्येक खड्ड्याच्या तळाशी एक पांढरा ठिपका. ज्वारीच्या दाण्याएवढा चुन्याचा खडा भट्टीत जळून कळीचा चुना होतो, पुढे ओल मिळाली की फुगतो आणि वरची माती फोडून बाहेर येतो. दोनशेच्या दोनशे काढून दिल्या. माझाच आळस, माती बारीक चाळणीतून काढायला हवी होती. आता विचार करा, हे फरशीऐवजी घराच्या कमानीत झालं तर.

तरीही हात शिवशिवत असतील तर घर नको, बोटभर पट्ट्या करा. वरची माती बाजूला काढून दोन फुटांखालची माती घ्या, वाळवून कुटा, तांदूळ चाळायच्या चाळणीने चाळा. मळून बारा सेंटिमीटर लांब, तीन रुंद, एक जाड अशा दहा पट्ट्या करा. ओल्या असतानाच प्रत्येकीवर सुईने बरोबर दहा सेंटिमीटरची रेघ मारा. सावलीत वाळवा, रोज उलट्या करत, नाहीतर वाकतात. वाळल्यावर रेघ मोजा, आठ-नऊ मिलिमीटरहून जास्त घटली असेल तर ती माती एकटी वापरायची नाही, वाळू किंवा विटांचा भुगा मिसळून पुन्हा करा. मग गावच्या कुंभाराला विनंती करून त्याच्या आव्यात माठांमध्ये पाच ठेवा, आणि उरलेल्या पाच वीटभट्टीवाल्याकडे द्या. कुंभाराला काहीतरी द्या, फुकट मागू नका.

भाजून आल्यावर रेघ पुन्हा मोजा, टिचकी मारून आवाज ऐका आणि सगळ्या पट्ट्या बादलीभर पाण्यात एक दिवस बुडवून ठेवा. काढून खिडकीत मांडा आणि पंधरा दिवस हात लावू नका. फोड आले तर फोटो पाठवा.